वाकळ : शूटची वही

१२ जानेवारी २०२५

ग्रँटचा निकाल आला. नाही. परीक्षकांचा शेरा एका ओळीचा आहे: विषय चांगला, पण प्रदेशाचं वास्तव पुरेसं दिसत नाही. ओळखीच्या एकाने फोनवर उलगडून सांगितलं, ‘म्हणजे दुष्काळ दिसत नाही रे. दोन शॉट भेगाळलेल्या जमिनीचे टाकले असतेस तर काय बिघडलं असतं?’

म्हणून पहिल्याच पानावर लिहून ठेवतो. या फिल्ममध्ये भेगाळलेली जमीन नाही. कपाळावर आडवा हात धरून आभाळाकडं बघणारा म्हातारा नाही. पडकी भिंतही नाही. भूकंपाच्या गावातली फिल्म आणि पडकी भिंत नाही म्हटल्यावर उरतं काय? वाकळा.

आमच्या घरात अकरा आहेत. पुण्याकडं गोधडी म्हणतात, आमच्याकडं वाकळ. सगळ्यात जुनीत आजोबांचा पटका आहे, सगळ्यात नवीत माझी कॉलेजातली जीन्स. जिच्यावरून फिल्म सुचली ती मात्र यात नाही. ३० सप्टेंबर १९९३ ला पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी भूकंप झाला. गणपती बोळवून लोक नुकते आडवे झाले होते. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातली ५२ गावं पुढं दुसऱ्या जागी वसवली, त्यातलं आमचं एक. मी तीन वर्षांचा होतो, मला त्यातलं काही आठवत नाही. आठवतं ते पत्र्याचं शेड आणि झिपची वाकळ. मदतीचे कपडे ट्रकच्या ट्रक आले होते. कोट, स्वेटर, कुठल्या कुठल्या शाळांचे ब्लेझर, म्हणजे आमच्याकडं अंगात कुणी घालणार नाही असंच बरंच. आईने एका निळ्या जाकिटाचा तुकडा झिपसकट वाकळेत घातला होता. झोप येईपर्यंत मी ती झिप खालीवर करायचो. झर्र, झर्र. फिल्मचा पहिला आवाज तोच.

ती वाकळ कुठं गेली ते घरात कुणाला सांगता येत नाही.

१९ जानेवारी

थोरल्या काकूंपुढं कॅमेरा लावला आणि पहिलाच प्रश्न चुकीचा विचारला. त्या रात्री काय झालं? काकूंनी पदर सारखा केला, लेन्सकडं बघितलं आणि सुरू झाल्या. पाच मिनिटं कुठं अडखळल्या नाहीत. कुठं थांबायचं, कुठं डोळ्याला पदर लावायचा, सगळं बसलेलं. ३१ वर्षं दर सप्टेंबरात कुणी ना कुणी माइक घेऊन दारात येतं, पाठ होणारच. मी कट म्हणायच्या आधी त्याच म्हणाल्या, ‘झालं का? का आणिक एकदा सांगू?’

कॅमेरा बंद केला. काकूंच्या मांडीवर वाकळ होती. सहज विचारलं, हे लाल कशाचं?

‘हे व्हय? खणाचं हाय. तुज्या आत्याच्या बारशाचं.’

मग पाऊण तास बोट एका तुकड्यावरून दुसऱ्यावर. जुन्या गावची वेस आली, माळवदावर वाळत घातलेल्या कुरडया आल्या, जावाजावांची भांडणं आली, इरकल साडी उधारीवर देणारा फेरीवाला आला. भूकंपही आला, पण वाक्याच्या मध्येच, जाता जाता. ‘हे धोतर मामंजींचं. निगाले तवा अंगावर हेच होतं. धुऊन घेतलं.’ आणि बोट पुढच्या तुकड्यावर.

रेकॉर्डर बंद होता. बरं झालं, असं आज रात्री वाटतंय. उद्या वाटणार नाही.

२ फेब्रुवारी

आंबेजोगाईत लग्नाची ऑर्डर. दोन कॅमेरे, एक ड्रोन, नवरदेवाची घोड्यावरची एन्ट्री स्लो मोशनमध्ये. परतताना एसटीत डोक्यात इथले संतकवी दासोपंत. त्यांनी पंचीकरण कापडावर लिहिलं, ४० फूट लांब, ४ फूट रुंद. ओव्या आणि मध्ये मध्ये आकृत्या. ती पासोडी आंबेजोगाईत अजून जपून ठेवलेली आहे. पासोडी म्हणजे शेवटी काय, अंगावर घ्यायचं जाडंभरडं कापड. वेदान्तासारखा विषय या माणसाने (१५५१–१६१५) पांघरुणावर मांडला. पोथीचं पान उलटावं लागतं, पासोडीच्या कडेकडेने चालत जावं लागतं.

माझ्या फिल्मचा आकार हाच. सहा वाकळा लांबीला लांबी जोडल्या की साधारण ४० फूट होतात. कॅमेरा वर, खाली तोंड करून, हलणार नाही. कापड सरकेल. मध्ये कट नाही.

पैठणची चित्रकथी याच्या उलट. एक चित्र हातात धरायचं, त्यावरचं गाणं म्हणायचं, मग पुढचं. ते सगळे कटच. अजिंठ्याच्या १७ नंबरच्या लेण्यात वेस्संतर जातकाची, म्हणजे बुद्धाच्या एका पूर्वजन्माच्या कथेची, भिंत तिसऱ्याच तऱ्हेची: एकच राजपुत्र त्याच भिंतीवर पुन्हा पुन्हा येतो, मध्ये चौकट नाही, खांब नाहीतर झाड आलं की समजायचं प्रसंग बदलला. तिन्ही रीती आमच्या मुलखात. आणि फिल्मच्या शिबिरात मला शिकवलं की हलत्या चित्राची गोष्ट १८९५ साली पॅरिसमध्ये सुरू झाली. यंत्राची झाली असेल.

१६ फेब्रुवारी

बोलक्या भिंती. तीन दिवस, दोन वर्गखोल्या: पाढे, सौरमाला, स्वच्छतेचे हात. वाघ चांगला झाला. पोरांनी त्याला मिशा वाढवून मागितल्या, वाढवल्या. पैसे ‘बिल निघालं की’.

१२ एप्रिल

जयंतीच्या कमानीसाठी बाबासाहेबांचं १० बाय १२ फुटांचं पोर्ट्रेट. फ्लेक्सच्या काळात हाताने रंगवून मागणारं मंडळ आता एवढंच उरलंय. रात्री दोनपर्यंत चष्म्याची काच जमत नव्हती. मंडळाच्या अध्यक्षांनी शेजारी उभं राहून टॉर्च धरला आणि म्हणाले, ‘दादा, भिंग जरा डावीकडं चमकू द्या.’ त्यांचं बरोबर होतं. पैसे रोख, चहासकट.

आर्टिस्ट का कॅमेरावाला, हा प्रश्न आज पुन्हा एकदा. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांना हे कुणी विचारत होतं का? त्यांनी पडदे रंगवले, पोस्टरं रंगवली, कॅमेरासुद्धा स्वतः बनवला. मूळ आडनाव मेस्त्री. सगळं एका शब्दात बसतं.

२२ एप्रिल

हार्ड डिस्क गेली. टेबलावरून पडली, एवढंच. आता लावली की टक्, टक्, टक्. जानेवारी ते मार्चचं सगळं फुटेज, काकूंच्या बोटांचे क्लोज-अप, मॅक्रो लेन्स भाड्याने आणून घेतलेले टाके. लातूरच्या दुकानात रिकव्हरीचे २२ हजार सांगितले, तेही मिळेलच असं नाही. दुसरी कॉपी? दुसरी डिस्क मार्चमध्ये लग्नाच्या फुटेजसाठी रिकामी केली होती. नवरदेवाची घोड्यावरची एन्ट्री सुखरूप आहे.

रात्री रॉबर्ट गिल हा इंग्रज चित्रकार आठवला. १८४४ पासून वर्षानुवर्षं अजिंठ्याला राहून त्याने भिंतीवरच्या चित्रांच्या नकला केल्या. त्यातल्या बहुतेक लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत १८६६ साली जळाल्या. मग ग्रिफिथ्सने जे. जे. स्कूलच्या विद्यार्थ्यांना घेऊन १८७२ ते १८८५ पुन्हा नकला केल्या. त्यातल्याही बऱ्याच लंडनमध्येच दुसऱ्या आगीत गेल्या. मूळ चित्रं डोंगरात होती तिथंच होती.

माझ्याही वाकळा घरात आहेत. फाइली गेल्या. आईला सांगितलं तर म्हणाली, ‘परत काड की मग. वाकळ कुटं पळून चाललीय?’

९ मे

उन्हाळ्याच्या दुपारी बायका मारुतीच्या पारामागं सावलीला वाकळा घालतात. आठवडा झाला, रोज जातोय. पहिले दोन दिवस कॅमेरा नेला नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनीच विचारलं, ‘मशीन कुटाय तुजं?’

आधी चिरगुटं अंथरायची, उसवून, शिवण काढून, सपाट. वर जुनं लुगडं, खाली जुनं लुगडं. चारी कोपऱ्यांना दगड. मग कच्चा टाका घालून सगळं धरून ठेवायचं, आणि खरा धावदोरा काठापासून सुरू. काठाने चौफेर फिरत आत आत यायचं. सुईवर एका दमात चार-पाच टाके चढवतात, अंगठ्याच्या बाजूने ढकलतात, आणि दोरा ओढताना हात खांद्याच्या मागं जातो. अंगुस्तान कुणी घालत नाही. अंगठ्याच्या त्या जागेवर कातडी पिवळी, टणक, नखासारखी. आज अर्धा तास फक्त तो अंगठा घेतला. जाड कापडातून सुई निघते तेव्हा टच् असा बारीक आवाज होतो, पण तो ऐकायला माइक वितभर अंतरावर धरावा लागतो. आणि तेवढ्यात पलीकडून ट्रॅक्टर जातो, त्यावर गाणी.

मधोमध वीतभर जागा उरली की भाकरीचा तुकडा आत सरकवतात आणि शेवटचे टाके घालतात. वाकळ उपाशी ठेवायची नाही.

सहा वाकळा जोडायच्या म्हटल्यावर हसण्याचा गदारोळ. ‘येवडी लांब माणसं कुटं हाईत रं? कोण निजणार हिच्यात?’ दांड घालून जोडू का, म्हणालो, तर एकदम गप्प. दांड कायमचा असतो. फाटक्या लुगड्याचे दोन धड भाग जोडायला घालतात, सहा घरांच्या वाकळांना नाही. शेवटी तोडगा काकूंनी काढला: जोड कच्च्या टाक्याने, आणि दिवाळीच्या आत ज्याची त्याला परत. ‘थंडी सुरू झाल्यावर लेकरं काय तुजा पिच्चर पांगरतील?’

तारीख मिळाली. कुठल्या फेस्टिव्हलच्या डेडलाइनपेक्षा पक्की.

१४ जून

यंत्र. पाच फुटी दोन पीव्हीसी पाइप, चार इंची, बोअरचे उरलेले. एकावर वाकळांची गुंडाळी, दुसरा ती ओढून घेणार. ओढणाऱ्या पाइपाच्या टोकाला सायकलचं ४४ दात्यांचं चक्र. एक दाता फिरवायचा, एक फोटो. पाइपाचा घेर साडेचौतीस सेंटिमीटर, म्हणजे दात्याला कापड पाऊण सेंटिमीटरहून थोडं जास्त सरकतं. सगळी लांबी जायला साधारण १५६० फोटो. सेकंदाला १२ धरले तर दोन मिनिटं दहा सेकंद. हिशोब तीनदा केला. देखणा हिशोब.

वेल्डिंगवाल्या चाचांनी सगळं बसवलं, मग मागं होऊन विडी शिलगावली आणि विचारलं, ‘ये कपडा कितना जाडा है?’

दाबली तर अर्धा सेंटिमीटर, म्हणालो.

‘तो लपेटते गए तो मोटा होताच ना बाबा. पहले इतना, आखिर में इत्ता.’ हाताने आधी तांब्या दाखवला, मग घागर.

मी गप्प. घरी येऊन गणित केलं. शेवटच्या वाकळेपाशी गुंडाळी जवळपास ३० सेंटिमीटर जाड होते, आणि त्याच एका दात्याला कापड दोन सेंटिमीटरच्या वर सरकतं. म्हणजे सावकाश सुरू झालेला शॉट शेवटी धावत सुटणार. काकूंच्या सासऱ्यांचं धोतर सहाव्या वाकळेत आहे.

१७ जून

उपायही चाचांचाच. गुंडाळीने ओढायचंच नाही. मध्ये दोन रुळ, रसवंतीच्या चरकासारखे, कापड त्यांच्यातून जाणार आणि दाते त्या रुळाला. रुळ जाड होत नाही, म्हणून चाल बदलत नाही. गुंडाळी मागं नुसती गोळा करत राहील. कॅसेटच्या टेपरेकॉर्डरमध्ये रबराचं छोटं चाक टेपला दाबून धरायचं ते याचसाठी. लहानपणी शंभर वेळा काढून बघितलंय, कधी विचार केला नाही. रुळावर सायकलची ट्यूब चढवली, कापड घसरू नये म्हणून.

मजुरी विचारली. चाचा म्हणाले, ‘पिच्चर में मेरा दुकान दिखा.’ दुकान दाखवता येत नाही, नियमात बसत नाही. हजार रुपये दिले, सातशे घेतले.

५ जुलै

सोयाबीनची खुरपणी. कुणी मोकळं नाही, मीही नाही.

१० ऑगस्ट

शूटची तिसरी रात्र. खोली म्हणजे आमचं नव्या गावातलं घर. इथली घरं जमिनीप्रमाणे वाटलेली: २५०, ४५० आणि ७५० चौरस फूट. आमचं ४५०. ४० फुटांची वाकळ त्यात सरळ अंथरता येत नाही, गुंडाळूनच ठेवावी लागते. पासोडी गुंडाळून का ठेवत असतील याचं एक साधं उत्तर.

पहिल्या दोन रात्रींचे आठशे फोटो वाया. व्होल्टेज वरखाली होतं. डोळ्याला कळत नाही, पण फोटो एकामागोमाग लावले की वाकळ धाप लागल्यासारखी उजळते आणि विझते. आता भावाच्या ट्रॅक्टरची बॅटरी खोलीत आहे आणि दिवे सगळे बारा व्होल्टचे. चमक गेली. भाऊ सकाळी ट्रॅक्टर सुरू करायला गेला तेव्हा बॅटरी नव्हती, ते वेगळं.

दाता, श्वास धरायचा, क्लिक. दाता, श्वास, क्लिक. फाळक्यांनी १९१२ साली कुंडीतल्या वाटाण्याची वाढ अशीच एकेक फ्रेम करून घेतली. आपल्याकडच्या सिनेमाची सुरुवात एका माणसाने रोपाजवळ बसून काढलेल्या दिवसांतून झाली, हे रात्री तीन वाजता फार जवळचं वाटतं. सकाळी नाही वाटत. सकाळी मान दुखते.

१५ ऑगस्ट

पूर्ण झालं. १५७२ फोटो. तीन कॉप्या, तीन घरांत, एक काकूंच्या धान्याच्या कोठीत.

२५ सप्टेंबर

पाऊस थांबत नाही. नदीकाठची सगळी रानं पाण्याखाली, सोयाबीन उभ्याउभ्या सडतंय, धाराशिव आणि बीडकडून याहून वाईट ऐकू येतंय. काल एका चॅनलच्या माणसाचा फोन आला: ड्रोन आहे ना तुमच्याकडं? पुराचे व्हिज्युअल्स हवेत, वरून, विस्तीर्ण. दिवसाचे सहा हजार.

गेलो. केलं. पाण्यात बुडालेली तूर, पत्र्यावर बसलेली माणसं, सगळं वरून, विस्तीर्ण. लिहून ठेवतो, म्हणजे पहिल्या पानावरच्या नियमांबद्दल कुठं बोलायला उभा राहिलो तर आधी हे पान उघडता येईल. सहा हजारांतले चार साउंडवाल्याचे थकलेले दिले.

संध्याकाळी चुलत्यांच्या रानातल्या मोटारीच्या खोलीत कंबरभर पाणी. स्टार्टर वाचवायला सगळे धावलो. स्टार्टरच्या पेटीवर पोतं होतं, पोत्याखाली एक काळीमिट्ट वाकळ. उचलली तर बोटाला धातू लागला.

झिप.

३० सप्टेंबर

सकाळी दोन गाड्या आल्या, माइक लागले. काकूंनी पदर सारखा केला, लेन्सकडं बघितलं. पाच मिनिटं. या वेळी शेवटी पुराचं एक वाक्य वाढवलं होतं. गाड्या गेल्यावर मला म्हणाल्या, ‘तू का घेतलं न्हाईस?’ म्हणालो, तुमचं आपलं झालंय की. ‘व्हय,’ म्हणाल्या, ‘तुजं मोटं हाय. त्यांचं बारकं असतंय.’

१२ ऑक्टोबर

अंगणात सहाही वाकळा सोडवल्या. कच्चा टाका एका बाजूने ओढला की सर्रकन निघतो. कापायला बसलो होतो, काकूंनी कात्री काढून घेतली. संध्याकाळपर्यंत ज्याची त्याला पोचली. एका घरी आधीच उन्हात टाकून काठीने बडवली. माझ्या खोलीचा वास लागला होता म्हणे.

झिपची वाकळ धुतली, चार दिवस वाळवली. निळा रंग अजून आहे. झिप गंजून बसलेली. आवाजासाठी रेकॉर्डर लावला, पंखा बंद, दार बंद. निवेदनाचं वाक्य मोठ्याने वाचून बघत होतो: आईने एका जाकिटाची...

आई दारात उभी होती. ‘जाकीट कुटलं? पिशवी होती ती.’

कसली पिशवी?

‘लांब. माणसायवडी. खालपासून वरपर्यंत चेन. बाहेरदेशातनं आली म्हणं. शेडातली सगळी म्हणायची, मढी न्यायची पिशवी हाय. कुणी हात लावंना. ढीगभर पडल्या होत्या. थंडी होती, तू बारका. मी दोन आणल्या, उसवल्या.’

स्लीपिंग बॅग. आतलं मऊ अस्तर बघितल्यावर कळायला हवं होतं. आईला सांगितलं, ती झोपायचीच पिशवी असते, डोंगरात जाणारे लोक नेतात. ‘असंल,’ म्हणाली. ‘आमाला काय ठावं? तवा पिशव्या एकाच कामाला लागत होत्या.’

मग चुलीपाशी जाऊन मेणबत्तीचा तुकडा घेऊन आली आणि झिपच्या दातांवर घासायला लागली, वरून खाली, वरून खाली. रेकॉर्डर चालूच होता. चार बोटं सरकली आणि अडकली. उद्या खोबरेल लावून बघू म्हणाली.

निवेदनाचं पहिलं पान फाडलं. आजची फाइल: ११ मिनिटं ४० सेकंद, तीन कॉप्या.